खताचें पोतें आणि नॅनो खताची बाटली

अलीकडे खताच्या दुकानीं गेलें असतां पोत्यांच्या थप्पीशेजारीं लहान लहान बाटल्यांची रांग दृष्टीस पडते. अर्ध्या लिटरची ही बाटली युरियाच्या एका पोत्याचें काम करते, असें शेतकऱ्यास सांगण्यांत येतें. पोतें वाहण्याचे कष्ट वांचतात, गाडीभाडें वांचतें, सांठवणीस जागा लागत नाहीं. तेव्हां ही गोष्ट खरी असेल तर शेतकऱ्यास याहून मोठा लाभ तो कोणता? परंतु ती खरी नसेल तर तिची किंमत दुकानांत नव्हे, खळ्यावर मोजावी लागेल. म्हणून ज्या विद्येच्या नांवावर ही बाटली विकली जाते ती विद्या काय आहे, आणि बाटलीचा हिशेब कसा बसतो, याचा विचार आमच्या वाचकांपुढें मांडण्याचें आम्हीं योजिलें आहे.

सूक्ष्म म्हणजे किती ?

एका मीटरचे १०० कोटी समान भाग केले म्हणजे त्यांतील एका भागास नॅनोमीटर म्हणतात. माणसाचा केस सुमारें ८० हजार ते १ लाख नॅनोमीटर जाड असतो. साधारणपणें १ ते १०० नॅनोमीटर मापाचे कण तयार करून ते उपयोगांत आणण्याच्या विद्येस नॅनो-तंत्रज्ञान असें म्हणतात. हा शब्द १९७४ सालीं नोरिओ तानिगुची या जपानी शास्त्रज्ञानें प्रथम योजिला. शब्द नवा असला तरी वस्तु जुनी आहे. दिव्याच्या ज्योतीवर धरलेल्या काजळाचे मूळ कण याच मापाचे असतात, आणि ट्रॅक्टरच्या टायरास बळकटी आणणारी काजळीही त्याच जातीची होय.

याहून जवळचें उदाहरण तर आपल्या पायांखालींच आहे. दख्खनच्या काळ्या जमिनींत ज्या जातीची चिकणमाती विपुल असते, तिचे पापुद्रे अवघे १ नॅनोमीटरच्या आसपास जाड असतात. यांपैकीं मोंटमोरिलोनाइट या खनिजाच्या एका ग्रॅमचे सर्व पापुद्रे सुटे करून पसरतां आले तर त्यांचा पृष्ठभाग सुमारें ७०० चौरस मीटर, म्हणजे जवळ जवळ ७ गुंठे भरेल ! काळी जमीन पावसांत फुगते, ओल धरून ठेवते आणि उन्हाळ्यांत भेगाळते, त्याचें मूळ या पापुद्र्यांत आहे. पदार्थ जितका बारीक तितका त्याचा पृष्ठभाग अधिक, आणि पृष्ठभाग अधिक म्हणून त्याची क्रियाही अधिक. या विद्येचें पुष्कळसें मर्म एवढ्यांत आलें.

घरगुती उपयोग

या तत्त्वाचा उपयोग घरांतही होऊं लागला आहे. २००९ सालीं टाटांनीं 'स्वच्छ' नांवाचें पाणी गाळण्याचें यंत्र बाजारांत आणिलें. त्यांत भाताच्या तुसाची राख घेऊन तिच्यावर चांदीचे अतिसूक्ष्म कण बसविलेले होते. राख गाळ धरते व चांदी जंतूंचा नाश करते. जें तूस एरवीं भट्टींत जातें त्यापासून पिण्याचें पाणी शुद्ध व्हावें, हें शेतकऱ्यानें ध्यानांत घेण्याजोगें आहे. मद्रासच्या आयआयटींतील प्राध्यापक टी. प्रदीप यांनींही चांदी-सोन्याच्या सूक्ष्म कणांच्या साह्यानें पाण्यांतील कीटकनाशकांचे अंश काढण्याची रीत बसविली. पिकांवर फवारलेलें औषध विहिरींत उतरण्याची भीति जेथें आहे, तेथें अशा शोधाचें मोल विशेष आहे.

बाटलींत काय आहे ?

आतां खताकडे वळूं. इफ्को या सहकारी संस्थेनें गुजराथेंतील कलोल येथील आपल्या संशोधन केंद्रांत द्रवरूप नॅनो युरिया तयार केला. २०२१ च्या फेब्रुवारींत केंद्र सरकारनें त्यास खत म्हणून मान्यता दिली व त्याच वर्षीं तो विक्रीस आला. पुढें २०२३ सालीं नॅनो डीएपी आलें. पहिल्या नॅनो युरियांत नत्राचें प्रमाण शेंकडा ४ होतें, आणि ५०० मिलिलिटरच्या बाटलीची किंमत २४० रुपये ठेविली होती. एक लिटर पाण्यांत २ ते ४ मिलिलिटर घालून उगवणीनंतर ३०-३५ दिवसांनीं पहिली, व त्यानंतर २०-२५ दिवसांनीं दुसरी फवारणी करावी, अशी शिफारस आहे. पेरणीच्या वेळचें खत कमी करूं नये, फक्त वरखताच्या युरियांत काटछाट करावी, असें उत्पादकही सांगतात. हें वाक्य दुकानांत बहुधा ऐकूं येत नाहीं, म्हणून आम्ही तें येथें मुद्दाम नमूद करितों.

हिशेब

युरियाच्या ४५ किलोच्या पोत्यांत शेंकडा ४६ या प्रमाणानें २० किलो ७०० ग्रॅम नत्र असतें. शेंकडा ४ च्या बाटलींत तें अवघें २० ग्रॅम भरतें. म्हणजे पोत्याचा सुमारें हजारावा हिस्सा. २०२४ सालीं मान्यता मिळालेल्या शेंकडा २० च्या नव्या प्रकारांतही बाटलीमागें १०० ग्रॅमच होतें. उलट, एक क्विंटल गव्हाच्या दाण्यांतच सुमारें २ किलो नत्र असतें. तेव्हां २० ग्रॅम नत्र, त्यांतील कण न् कण पिकास लागला तरी, एक किलो गव्हास पुरेल.

पोत्यांतील युरियाचा मोठा भाग वाऱ्यावर उडतो व पाण्याबरोबर झिरपून जातो, पानावर फवारलेल्या खताची अशी नासाडी होत नाहीं, असें यावर उत्तर देतात. नासाडीची गोष्ट खरीच आहे. परंतु निम्मा युरिया वायां गेला असें धरलें तरी पोत्यामागें १० किलोंहून अधिक नत्र पिकास उरतें. शिवाय साधा युरिया पाण्यांत विरघळला म्हणजे त्याचे रेणू एक नॅनोमीटरहूनही लहान असतात. मग केवळ बारीकपणाचें अप्रूप तें काय ? एकरीं १२५ लिटर पाण्यांत शेंकडा २ प्रमाणें साधा युरिया फवारला तर अडीच किलो युरिया लागतो, त्यांतून सव्वा किलोच्या आंतबाहेर नत्र पानास मिळतें, आणि २६७ रुपयांस पोतें या दरानें खर्च सुमारें १५ रुपये येतो. अर्थात् पोत्याची ही किंमत सरकारी अनुदानानें खालीं आलेली आहे, हें न्यायबुद्धीनें सांगितलें पाहिजे.

प्रयोगांची साक्ष

आपण ११ हजारांहून अधिक शेतांवर ९४ पिकांत चांचण्या घेतल्या व सरासरी शेंकडा ८ उत्पन्न वाढलें, असें इफ्कोचें म्हणणें आहे. याउलट लुधियाना येथील पंजाब कृषि विद्यापीठानें दोन वर्षें भात व गहूं यांवर जो प्रयोग केला, त्यांत नत्राची मात्रा कमी करून नॅनो युरिया फवारलेल्या पिकाचें उत्पन्न शिफारशीच्या पूर्ण मात्रेच्या मानानें गव्हांत शेंकडा २१.६ व भातांत शेंकडा १३ नें घटलें. २०२३ सालीं कोपनहेगन विद्यापीठांतील दोघां शास्त्रज्ञांनींही या खताविषयींच्या दाव्यांस शास्त्राचा पुरेसा आधार नाहीं, असें जाहीरपणें लिहिलें. गव्हाचें उत्पन्न एकरीं १५ क्विंटल धरिलें तर शेंकडा २१ ची घट म्हणजे ३ क्विंटलांहून अधिक. पोत्याचें भाडें वांचवून हा तोटा कोण सोसणार ?

आमची सूचना

आम्ही नव्या विद्येचे शत्रु नाहीं. परंतु जाहिरात हा पुरावा नव्हे. ज्यांस हें खत वापरून पाहावयाचें असेल त्यांनीं सारें रान त्यावर टाकूं नये. एकाच मगदुराच्या जमिनींत पांच पांच गुंठ्यांचे तीन पट्टे आंखावे. पहिल्यास नेहमींचें पुरें वरखत द्यावें. दुसऱ्यास निम्में वरखत देऊन बाटलींतील खत फवारावें. आणि तिसऱ्यास निम्में वरखत देऊन नुसतें पाणी फवारावें. हा तिसरा पट्टा कोणींही गाळूं नये. आपल्या जमिनीस निम्मेंच वरखत पुरत असेल, तर पीक दोन्ही पट्ट्यांत सारखें येईल आणि श्रेय मात्र उगाच बाटलीस मिळेल. तिन्ही पट्ट्यांची मळणी वेगळी करून दाणे तोलावे व आंकडे वहींत टिपून ठेवावे. युरियाच्या पोत्याबरोबर बाटली घेण्याचा आग्रह होतो, अशी तक्रार आमच्या कानीं येते. नको असेल त्यानें स्वच्छ नकार द्यावा, व घेतल्यास पावती घ्यावी.

कोणतेंही खत कागदावर कितीही सूक्ष्म असलें तरी त्याचें फळ अखेर तराजूंतच दिसावें लागतें, आणि तो तराजू शेतकऱ्याच्या स्वतःच्या हातीं आहे.