रत्नागिरीच्या शेतीची परिभाषा : राब, सेंद्रिय आणि औषध

कोणत्याही व्यवसायाची परिभाषा ही त्या व्यवसायातील ज्ञानाची नोंदवही असते. नवे तंत्र येते तेव्हा नवे शब्द येतात. काही जुने शब्द मागे पडतात, तर काही जुने शब्द नवा अर्थ अंगावर घेऊन चालू राहतात. हे तिन्ही प्रकार रत्नागिरी जिल्ह्याच्या शेतीत एकाच वेळी पाहावयास मिळतात. ‘सेंद्रिय’ आणि ‘आधुनिक’ शेतीचा वाद आज पुष्कळ होतो. परंतु त्या वादातील बराचसा गोंधळ शेतात नसून शब्दांत आहे, ही गोष्ट सहसा ध्यानात येत नाही. प्रस्तुत लेखात या शब्दांपैकी तिहींचा विचार केला आहे.

१. राब

जांभ्याच्या कातळावर आणि डोंगरउतारावर वसलेल्या या जिल्ह्यात वर्षाकाठी ३,००० मिलिमीटरांहून अधिक पाऊस पडतो, आणि तोही बहुतेक चार महिन्यांत. अशा पावसात मातीतील विद्राव्य पोषकद्रव्ये वाहून जातात अथवा खाली झिरपतात. उरलेली माती आम्लधर्मी असते आणि तीतील लोह व ॲल्युमिनियम स्फुरदाला बांधून ठेवतात. या परिस्थितीत भाताचे जोमदार रोप तयार करण्याची जी युक्ती कोकणाने शोधली, तिचे नाव राब. झाडांच्या फांद्या, म्हणजे कवळ, तोडून वाळवावयाचा. शेण, कवळ, गवत व पातेरा यांचे थर तरव्याच्या जागेवर पसरावयाचे. वर मातीचा पातळ थर द्यावयाचा, आणि पावसापूर्वी ते सर्व सावकाश जाळावयाचे. या जाळण्याला भाजावळ म्हणतात.

राब, कवळ, तरवा, भाजावळ हे शब्द सुटे नाहीत. ते एका प्रक्रियेच्या पायऱ्या आहेत. त्या प्रक्रियेचे कार्यही आता चांगले समजलेले आहे. उष्णतेने तणांचे बी मरते, राखेतून पालाश मिळते, आणि भाजलेली माती भुसभुशीत झाल्यामुळे लावणीच्या वेळी रोप मुळासकट सहज उपटता येते. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस मुंबई इलाख्याच्या वनखात्यास झाडांची छाटणी ही नासधूस वाटे, तर शेतकऱ्यास तो आपला हक्क वाटे. डॉ. जॉन ऑगस्टस व्होल्कर यांनी हिंदुस्थानच्या शेतीसुधारणेवर लिहिलेल्या, १८९३ साली प्रसिद्ध झालेल्या अहवालातही राबाची चर्चा आढळते.

मात्र येथे एक भेद स्पष्ट केला पाहिजे. राब ही परंपरागत पद्धत आहे. तेवढ्यावरून ती आजच्या अर्थाने ‘सेंद्रिय’ ठरत नाही. जे शेण व जो पाला कुजून मातीत मिसळावयाचा, तो राबात जळून जातो. राख उरते, पण कर्ब व नत्र यांचा मोठा भाग हवेत जातो. ‘जुने ते सेंद्रिय’ हे समीकरण म्हणूनच भाबडे आहे.

२. सेंद्रिय

‘सेंद्रिय’ हा शब्द स + इंद्रिय असा बनला आहे. चरकसंहितेत सेंद्रिय म्हणजे चेतन द्रव्य आणि निरिंद्रिय म्हणजे अचेतन द्रव्य, असा भेद केलेला आढळतो. मराठी रसायनशास्त्राने हीच जोडी उचलली आणि कर्बयुक्त संयुगांच्या शास्त्रास सेंद्रिय रसायन हे नाव दिले. या नावामागे एक जुनी युरोपीय समजूत होती : ही संयुगे केवळ सजीवाच्या देहातच निर्माण होऊ शकतात. १८२८ साली फ्रीडरिश व्होलर या जर्मन शास्त्रज्ञाने प्रयोगशाळेत निरिंद्रिय मानलेल्या द्रव्यापासून युरिया तयार केला आणि त्या समजुतीस मोठा तडा गेला. नाव मात्र टिकले.

याचा परिणाम असा की, महाविद्यालयातील रसायनाच्या पुस्तकात युरिया हे सेंद्रिय संयुग आहे, आणि त्याच विद्यार्थ्याच्या घरच्या शेतात तेच ‘रासायनिक खत’ आहे. दोन्ही विधाने बरोबर आहेत, कारण शब्द एक असला तरी संकल्पना दोन आहेत. शेतीच्या संदर्भातील संकल्पना नंतरची आहे. सर अल्बर्ट हॉवर्ड यांनी इंदूर येथे १९२४ ते १९३१ या काळात केलेल्या कामातून कंपोस्टची ‘इंदूर पद्धत’ सिद्ध झाली. पुढे १९४० साली इंग्लंडात लॉर्ड नॉर्थबोर्न यांनी या प्रकारच्या शेतीस जे इंग्रजी नाव दिले, त्यात शेत हा एक सजीव देह आहे ही कल्पना होती. माती, जनावर, पीक आणि माणूस ही त्या देहाची जणू इंद्रियेच. मराठीने त्या नावासाठी रसायनशास्त्रातील तयार शब्द घेतला. शब्द मिळाला, पण देहाची कल्पना मागे राहिली. त्यामुळे सेंद्रिय शेती म्हणजे युरियाच्या जागी शेणखत घालणे, एवढाच अर्थ पुष्कळांच्या मनात रुजला.

वस्तुतः पिकाचे मूळ नत्र घेते ते मुख्यतः नायट्रेट वा अमोनियम या रूपात. ते शेणखतातून आले की पोत्यातून, हे मुळास कळत नाही. फरक पडतो तो मातीस. शेणखताने मातीतील कर्ब वाढतो, ती पाणी धरून ठेवते, तीतील सूक्ष्म जीव पोसले जातात. नुसत्या युरियाने हे साधत नाही. उलट, शेणखतातील नत्राचे प्रमाण अल्प असल्यामुळे ते पुष्कळ घालावे लागते, आणि ज्या घरात गुरे उरली नाहीत तेथे ते आणावयाचे कोठून हा प्रश्न पडतो. दोन्ही पक्षांनी हे विसरू नये.

या शब्दास आणखी दोन प्रतिस्पर्धी आहेत. सेंद्रिय अन्नपदार्थांसंबंधी २०१७ साली केंद्रीय नियम झाले, त्यांबरोबर आलेल्या बोधचिन्हावर ‘जैविक भारत’ असे शब्द आहेत. हिंदीत जैविक म्हणजे मराठीतील सेंद्रिय. परंतु मराठी शेतकऱ्यास जैविक खत म्हणजे रायझोबियम, अझोटोबॅक्टर यांसारखे जिवाणू खत. तिसरा शब्द ‘नैसर्गिक’. अमरावती जिल्ह्यातील सुभाष पाळेकर यांनी प्रसृत केलेल्या नैसर्गिक शेतीत शेण, गोमूत्र, गूळ व कडधान्याचे पीठ आंबवून केलेले जीवामृत असते. बाहेरून आणलेले कंपोस्टही तीत वर्ज्य मानतात. म्हणजे सेंद्रिय, जैविक व नैसर्गिक हे समानार्थी शब्द नव्हेत. बाजारात मात्र ते तसे वापरले जातात. प्रमाणपत्राच्या कसोट्या प्रत्येकाच्या निराळ्या असल्यामुळे, आपली हापूसची बाग यांपैकी नेमकी कशात मोडते हे बागायतदारास ठाऊक नसेल, तर नुकसान त्याचेच होते.

३. औषध

तिसरा शब्द सर्वांत साधा आणि सर्वांत धोक्याचा आहे. पिकावर कीटकनाशक फवारणे यास मराठी शेतकरी ‘औषध मारणे’ म्हणतो. कीड हा रोग, म्हणून तिच्यावरील उपाय ते औषध, असे हे अर्थसंक्रमण आहे. भाषाशास्त्राच्या दृष्टीने ते स्वाभाविक आहे. परंतु त्यामुळे विषास औषधाचे नाव मिळाले आहे. औषधाविषयी मराठी मनात विश्वास असतो, भय नसते. औषध हातास लागले तर काय बिघडते, आणि थोडे अधिक घातले तर गुण अधिक येईल, ही वृत्ती या शब्दातच दडलेली आहे.

कायद्याने या पदार्थांच्या डब्यांवर विषारीपणानुसार लाल, पिवळा, निळा वा हिरवा रंग दाखविणे आवश्यक केले आहे. लाल म्हणजे अत्यंत विषारी. परंतु डब्यावरील रंग एक सांगतो आणि तोंडातील शब्द दुसरेच सांगतो. २०१७ साली यवतमाळ जिल्ह्यात कपाशीवर फवारणी करताना विषबाधा होऊन अनेक शेतकरी व शेतमजूर मृत्युमुखी पडले. त्या अनर्थाची कारणे अनेक होती, आणि ती एका शब्दावर ढकलणे अन्यायाचे होईल. तथापि ज्या पदार्थाने माणूस मरतो त्यास औषध म्हणावे काय, हा प्रश्न रत्नागिरीच्या आंबा-काजूच्या बागांतही तितकाच लागू आहे. मोहोरावरील तुडतुडे व भुरी यांसाठी तेथे दर हंगामात फवारण्या होतात, आणि पंप बहुधा मजुराच्या पाठीवर असतो.

४. नावांची निवड

नव्या तंत्राचे नाव सुबोध असेल तर काय साधते, याची उदाहरणे कोकणातच आहेत. डॉ. नारायण सावंत यांनी विकसित केलेली चारसूत्री भातशेती हे त्यांतील ठळक उदाहरण होय. पहिले सूत्र भाताच्या तुसाची राख रोपवाटिकेत आणि पेंढा शेतात परत घालण्याचे. दुसरे गिरिपुष्पाचा पाला गाडण्याचे. तिसरे दोनतीन रोपांच्या नियंत्रित लावणीचे. चौथ्या सूत्रात युरिया व डीएपी यांची २.७ ग्रॅम वजनाची ब्रिकेट चार चुडांच्या मध्यावर ७ ते १० सेंटिमीटर खोल खोचतात. हेक्टरी सुमारे १७० किलो ब्रिकेट पुरतात. नत्र चिखलाखाली राहिल्यामुळे कोकणच्या पावसातही ते सहजी वाहून जात नाही. या पद्धतीस सेंद्रिय म्हणावे की रासायनिक? ती दोन्ही आहे. राबातील राख येथे तुसाच्या रूपाने आली, कवळाची जागा गिरिपुष्पाने घेतली, आणि कारखान्यातील खत मोजून दिले गेले. ‘चारसूत्री’ या नावात कोणत्याही पक्षाचा जयघोष नाही. काय करावयाचे ते चार बोटांवर मोजता येते. फळमाशीच्या नरांना गंधाने आकर्षून पकडणाऱ्या, दापोलीच्या कृषी विद्यापीठाने पुढे आणलेल्या सापळ्याचे ‘रक्षक’ हे नावही असेच कार्यबोधक आहे.

यावरून दोन कामे समोर येतात. पहिले संकलनाचे. राबाच्या पद्धतीचा संकोच होत आहे. तिच्याबरोबर कवळ, भाजावळ यांसारखे शब्द नाहीसे होण्यापूर्वी ते नुसत्या अर्थासह नव्हे, तर प्रक्रियेसह नोंदले पाहिजेत. कोशात ‘राब : भाजलेली जमीन’ एवढेच उरले, तर ती का भाजीत हे कळणार नाही. दुसरे काम परिभाषेच्या शुद्धतेचे. शाळेची पुस्तके, कृषिपत्रिका व खतविक्रेत्यांची पत्रके यांत सेंद्रिय, जैविक व नैसर्गिक हे शब्द ठरलेल्या भिन्न अर्थांनीच यावेत, आणि कीटकनाशकास औषध न म्हणता कीटकनाशक अथवा सरळ विष म्हणावे. रूढ शब्द आज्ञेने बदलत नाहीत हे खरे. परंतु ते छापणाऱ्यांनी बदलले, तर बोलणाऱ्यांच्या कानावर निदान दुसरा शब्द पडू लागतो. पाठीवर पंप घेणाऱ्या माणसाच्या दृष्टीने तेवढेही थोडे नाही.