कार्नेशन क्रांती

कार्नेशन क्रांती ही पोर्तुगालमध्ये २५ एप्रिल १९७४ रोजी लष्करी उठावातून घडून आलेली राज्यक्रांती होय. या क्रांतीमुळे १९२६ पासून चालत आलेली ४८ वर्षांची हुकूमशाही संपुष्टात आली, पोर्तुगालचे आफ्रिकेतील साम्राज्य सुमारे दीड वर्षात विसर्जित झाले आणि देशात संसदीय लोकशाहीचा पाया घातला गेला. उठावाच्या दिवशी लिस्बनच्या नागरिकांनी सैनिकांच्या बंदुकांच्या नळ्यांत कार्नेशनची फुले खोवली. त्यावरून या क्रांतीला हे नाव मिळाले. लष्कराने सत्ता बळकावल्याची उदाहरणे इतिहासात पुष्कळ आहेत. परंतु सत्ता हाती घेऊन ती निवडून आलेल्या प्रतिनिधींकडे सोपविल्याची उदाहरणे थोडी. त्यांपैकी हे एक ठळक उदाहरण मानले जाते.

पार्श्वभूमी

पोर्तुगालमध्ये १९१० साली राजेशाही जाऊन प्रजासत्ताक आले. मात्र सततची अस्थिरता आणि आर्थिक ओढाताण यांमुळे ते टिकले नाही. २८ मे १९२६ रोजी लष्कराने सत्ता घेतली. कोइंब्रा विद्यापीठातील अर्थशास्त्राचे प्राध्यापक आंतोनियो सालाझार १९२८ मध्ये अर्थमंत्री आणि १९३२ मध्ये पंतप्रधान झाले. १९३३ च्या राज्यघटनेने त्यांनी 'एस्तादो नोव्हो' म्हणजे 'नवे राज्य' या नावाची राजवट उभी केली. तीत विरोधी पक्षांना स्थान नव्हते, वृत्तपत्रांवर पूर्वपरीक्षण होते आणि 'पीदे' हे गुप्त पोलीस दल विरोधकांवर पाळत ठेवून त्यांना तुरुंगात डांबत असे. १९६८ मध्ये सालाझार आजारपणामुळे कामास असमर्थ झाल्यावर मार्सेलो कायतानो पंतप्रधान झाले. त्यांच्या काळात काही बंधने सैल झाली, तरी राजवटीचा गाभा कायम राहिला.

वसाहतींचे युद्ध आणि गोव्याचा धडा

१९५१ मध्ये पोर्तुगालने आपल्या वसाहतींना 'सागरापलीकडील प्रांत' असे नाव दिले आणि त्या मातृभूमीचेच अविभाज्य भाग असल्याचा पवित्रा घेतला. त्यामुळे वाटाघाटींचा मार्गच बंद झाला. अंगोलात १९६१, पोर्तुगीज गिनीत १९६३ आणि मोझांबिकमध्ये १९६४ साली स्वातंत्र्यासाठी सशस्त्र लढे सुरू झाले. या तिन्ही आघाड्यांवर एका लहान आणि तुलनेने गरीब देशाने तेरा वर्षे युद्ध चालविले. सक्तीच्या लष्करी सेवेची मुदत वाढत गेली आणि ती टाळण्यासाठी हजारो तरुण फ्रान्स व अन्य देशांत निघून गेले.

लष्करातील अधिकाऱ्यांच्या मनात गोव्याची आठवण ताजी होती. डिसेंबर १९६१ मध्ये भारतीय सैन्याने गोवा, दमण व दीव मुक्त केले, तेव्हा अखेरच्या माणसापर्यंत लढण्याचा आदेश सालाझार यांनी दिला होता. प्रतिकार निष्फळ आहे हे ओळखून गव्हर्नर जनरल व्हासालो इ सिल्व्हा यांनी शरणागती पत्करली. मायदेशी परतल्यावर त्यांना लष्करातून बडतर्फ करण्यात आले. राज्यकर्त्यांच्या हट्टाची किंमत सैनिकांच्या माथी मारली जाते, हा धडा अधिकारी विसरले नाहीत. सप्टेंबर १९७३ मध्ये गिनीतील बंडखोरांनी एकतर्फी स्वातंत्र्य जाहीर केले, तेव्हा तेथेही आपल्याच वाट्याला पराभव आणि बदनामी येईल, अशी भीती अनेकांना वाटू लागली.

कॅप्टनांची चळवळ

उठावाचे तात्कालिक कारण नोकरीविषयक होते. जुलै १९७३ च्या एका हुकूमनाम्याने अल्पमुदतीचे प्रशिक्षण घेतलेल्या, सक्तीच्या भरतीतील अधिकाऱ्यांना कायम सेवेत घेऊन बढतीचा मार्ग खुला केला. त्यामुळे नाराज झालेल्या व्यावसायिक कॅप्टनांनी ९ सप्टेंबर १९७३ रोजी एव्होरा शहराजवळ गुप्त बैठक घेतली. पुढील काही महिन्यांत बढतीची तक्रार मागे पडली आणि युद्ध थांबवायचे असेल तर राजवटच बदलली पाहिजे, या निष्कर्षाप्रत ही मंडळी आली. या संघटनेला 'सशस्त्र दलांची चळवळ' असे नाव मिळाले. फेब्रुवारी १९७४ मध्ये जनरल आंतोनियो दि स्पिनोला यांनी 'पोर्तुगाल आणि भविष्य' या अर्थाच्या शीर्षकाचे पुस्तक प्रसिद्ध करून वसाहतींचा प्रश्न केवळ लष्करी बळाने सुटणार नाही, असे उघडपणे मांडले. सरकारने त्यांना व सरसेनापती कोस्टा गोमेस यांना पदावरून दूर केले.

२५ एप्रिलचा घटनाक्रम

उठावाचे संकेत आकाशवाणीवरून देण्यात आले. २४ एप्रिलच्या रात्री १०:५५ वाजता त्या वर्षीच्या युरोव्हिजन स्पर्धेतील पोर्तुगालचे गाणे लागले. ही तयारीची सूचना होती. मध्यरात्रीनंतर जोझे आफोन्सो यांचे 'ग्रांदोला, व्हिला मोरेना' हे गीत प्रसारित होताच तुकड्या बराकींतून बाहेर पडल्या. मेजर ओतेलो साराइव्हा दि कार्व्हाल्यो लिस्बनजवळील पोंतिन्या येथून सूत्रे हलवीत होते. सांतारें येथील घोडदळ प्रशालेची तुकडी घेऊन आलेले कॅप्टन साल्गेइरो माइया यांनी सकाळी राजधानीतील मंत्रालयांचा परिसर ताब्यात घेतला. त्यांच्यावर रणगाड्यांतून गोळीबार करण्याचा हुकूम एका ब्रिगेडियरने दिला. पण त्याच्या हाताखालील सैनिकांनी तो पाळला नाही. दिवसाचा निकाल बहुतांशी तेथेच लागला.

घराबाहेर पडू नये, असे आवाहन आकाशवाणीवरून वारंवार होत असतानाही नागरिक हजारोंच्या संख्येने रस्त्यावर आले. सेलेस्ते कायरो या उपाहारगृहातील कर्मचारी महिलेने एका सैनिकाला कार्नेशनचे फूल दिले आणि त्याने ते बंदुकीच्या नळीत खोवले, अशी या प्रथेची सुरुवात सांगितली जाते. कायतानो यांनी कार्मो येथील बराकीत आश्रय घेतला होता. त्यांनी संध्याकाळी जनरल स्पिनोला यांच्याकडे सत्ता सोपविली. गुप्त पोलिसांनी आपल्या मुख्यालयासमोरील जमावावर केलेल्या गोळीबारात चार नागरिक मृत्युमुखी पडले. पुढील दोन दिवसांत काशियास व पेनिश येथील तुरुंगांतून राजकीय कैद्यांची सुटका झाली. गोवा मुक्तिलढ्यातील मोहन रानडे यांनीही १९६९ मधील सुटकेपूर्वी याच काशियासमध्ये अनेक वर्षे कारावास भोगला होता.

संक्रमणकाळ

लोकशाहीकडे जाणारी वाट सरळ नव्हती. राष्ट्राध्यक्ष झालेल्या स्पिनोला यांनी सप्टेंबर १९७४ मध्ये राजीनामा दिला. त्यांच्या समर्थकांचे ११ मार्च १९७५ चे बंड फसले आणि त्यानंतर बँका व विमा कंपन्यांचे राष्ट्रीयीकरण झाले. दक्षिणेतील मोठ्या जमिनी शेतमजुरांनी ताब्यात घेतल्या.

अशा वातावरणातही ठरल्याप्रमाणे २५ एप्रिल १९७५ रोजी घटना समितीची निवडणूक झाली. ९१ टक्क्यांहून अधिक मतदारांनी मतदान केले. मारियो सोआरेस यांच्या समाजवादी पक्षाला सुमारे ३८ टक्के मते मिळाली, तर कम्युनिस्ट पक्षाला सुमारे १२ टक्के. रस्त्यावरील घोषणांतून दिसणारा कौल आणि मतपेटीतील कौल निराळा असल्याचे त्यातून स्पष्ट झाले. २५ नोव्हेंबर १९७५ रोजी डाव्या गटाच्या काही तुकड्यांनी केलेली हालचाल रमाल्यो इयानेस यांच्या नेतृत्वाखाली मोडून काढण्यात आली. नवी राज्यघटना २५ एप्रिल १९७६ पासून अमलात आली. लष्करी अधिकाऱ्यांची 'क्रांती परिषद' १९८२ च्या घटनादुरुस्तीने बरखास्त झाली आणि लष्कराची राजकीय भूमिका संपली.

साम्राज्याचा अंत आणि भारत

पोर्तुगालने सप्टेंबर १९७४ मध्ये गिनी-बिसाउच्या स्वातंत्र्याला मान्यता दिली. १९७५ मध्ये मोझांबिक, केप व्हर्दे, साओ टोमे व प्रिन्सिप आणि अंगोला स्वतंत्र झाले. मात्र अंगोलात लगेच यादवी युद्ध पेटले आणि पूर्व तिमोर इंडोनेशियाने गिळंकृत केले. आफ्रिकेतून सुमारे पाच लाख लोक पोर्तुगालला परतले.

भारताशी तुटलेले संबंधही पुन्हा जुळले. ३१ डिसेंबर १९७४ रोजी नवी दिल्लीत झालेल्या करारान्वये पोर्तुगालने गोवा, दमण, दीव, दादरा व नगर हवेली यांवरील भारताचे सार्वभौमत्व मान्य केले. करारावर पोर्तुगालतर्फे परराष्ट्रमंत्री सोआरेस यांनी, तर भारतातर्फे परराष्ट्रमंत्री यशवंतराव चव्हाण यांनी स्वाक्षरी केली. क्रांतीनंतर व्हासालो इ सिल्व्हा यांनाही लष्करातील दर्जा परत मिळाला.

स्मृती

२५ एप्रिल हा दिवस पोर्तुगालमध्ये 'स्वातंत्र्य दिन' म्हणून पाळला जातो. लिस्बनमधील ताहो नदीवरील, पूर्वी सालाझार यांचे नाव असलेला पूल आज '२५ एप्रिल पूल' म्हणून ओळखला जातो.