सोळाव्या वर्षी एक्टिवा : सुरतेतल्या घरांतले काही पक्के गैरसमज

सोळा पूर्ण झाली की बिनगिअरची गाडी कायद्यानं चालवता येते, असं दिंडोली, लिंबायत, उधना, पांडेसरा, गोडादरा इथल्या मराठी घरांत अगदी ठामपणे सांगितलं जातं. खानदेशातून येऊन इथं स्थिरावलेल्या या वस्त्यांत बाप लूमवर किंवा रिंग रोडच्या कापड मार्केटात असतो, आई घरी साड्यांना स्टोन लावत असते, आणि ट्यूशनचा क्लास चार-पाच किलोमीटरवर असतो. दहावीचा निकाल लागला की एक्टिवाची चावी पोराच्या हाती जाते. यात लाडापेक्षा सोयीचा भाग मोठा असतो. त्यामुळे आईबापांना दोष देऊन हा विषय संपत नाही. कायदा काय म्हणतो आणि तो तसं का म्हणतो, हे मात्र या घरांपर्यंत नीट पोहोचलेलं नाही.

सोळाव्या वर्षाची ती गोष्ट अर्धी खरी आहे. मोटार वाहन कायदा, १९८८ च्या कलम ४ प्रमाणे सार्वजनिक ठिकाणी वाहन चालवायला अठरा वर्षं पूर्ण लागतात. सवलत एकच आहे : इंजिन ५० सीसीपेक्षा मोठं नसलेली दुचाकी सोळाव्या वर्षापासून चालवता येते, आणि तिच्या कच्च्या लायसनसाठी पालकाची लेखी संमती लागते. एक्टिवाचं इंजिन जवळपास ११० सीसीचं आहे. ज्युपिटर त्याच गटातली, अ‍ॅक्सेस १२५ च्या घरातली. भाजीवाले, दूधवाले वापरतात ती टीव्हीएसची एक्सएल १०० सुद्धा शंभर सीसीची. पुण्याच्या कायनेटिकनं १९७२ साली आणलेली ५० सीसीची लूना घरोघरी होती, तेव्हा या सवलतीला अर्थ होता. आज शोरूममध्ये ५० सीसीची पेट्रोल दुचाकी शोधून सापडत नाही. म्हणजे सोळा वर्षांच्या मुलाला लायसन मिळू शकतं, पण ते ज्या गाडीसाठी आहे ती गाडीच बाजारात नाही. त्या लायसनवर एक्टिवा चालवणं म्हणजे कायद्याच्या नजरेत विनालायसन चालवणंच.

मग बॅटरीवाली घेऊ, तिला लायसन लागत नाही, असा पुढचा तोडगा निघतो. मोटरची ताकद २५० वॉटपेक्षा कमी आणि कमाल वेग ताशी २५ किलोमीटरपेक्षा कमी असेल, आणि मान्यताप्राप्त चाचणी संस्थेनं त्या मॉडेलला तसं प्रमाणपत्र दिलेलं असेल, तरच ती गाडी मोटार वाहन मानली जात नाही. मग तिला नंबर प्लेटही लागत नाही आणि लायसनही नाही. बाकी सगळ्या इलेक्ट्रिक स्कूटरना पेट्रोलच्या गाडीचेच नियम लागू होतात. आणि हळू गाडीचं ‘लॉक’ काढून ती चाळीस-पंचेचाळीसनं पळवली, की त्याच क्षणी ती सवलतीतून बाहेर पडते. नंबर प्लेट नसली म्हणून लायसन नको, असं तिच्याबाबतीत म्हणता येत नाही.

‘पकडलं तर मेमो फाडतील, पाचशे-हजार देऊ’ हा सर्वांत महागात पडणारा गैरसमज आहे, म्हणून त्याच्यापाशी जरा थांबू. २०१९ च्या दुरुस्तीनं कायद्यात कलम १९९अ आलं आणि त्या वर्षी १ सप्टेंबरपासून लागू झालं. अल्पवयीन मुलानं वाहनाचा गुन्हा केला, तर दोषी धरला जातो पालक किंवा गाडीचा मालक. शिक्षा तीन वर्षांपर्यंत कैद आणि २५,००० रुपये दंड. गाडीची नोंदणी बारा महिन्यांसाठी रद्द. आणि त्या मुलाला वयाच्या पंचविसाव्या वर्षापर्यंत ना कच्चं लायसन ना पक्कं. आपल्या वस्त्यांच्या दृष्टीनं ही शेवटची शिक्षा मला सर्वांत कडक वाटते. टेम्पो चालवणं, डिलिव्हरी करणं, मार्केटात पार्सल पोहोचवणं ही इथल्या कितीतरी मुलांची पहिली कमाई असते, आणि नेमकी तीच वर्षं हातची जातात.

कलम लागू झालं त्याच महिन्यात, सप्टेंबर २०१९ मध्ये, गुजरात सरकारनं बऱ्याच वाहतूक गुन्ह्यांचे दंड कमी केले होते. हेल्मेट नसण्याचा हजाराचा पाचशेवर आला. त्यामुळे गुजरातेत सगळंच स्वस्त आहे, असं अनेकांनी धरलं. पण राज्याला दंड कमी करता येतो तो जागेवर तडजोडीनं मिटवता येणाऱ्या गुन्ह्यांचा. तशा गुन्ह्यांच्या यादीत, म्हणजे कलम २०० मध्ये, १९९अ नाही. हे प्रकरण मेमोवर मिटत नाही, कोर्टात जातं. २०२४ मध्ये ‘१ जूनपासून नवा नियम, अल्पवयीनाला २५,००० दंड’ असा संदेश सगळीकडे फिरला. त्यात नवीन काहीच नव्हतं. तरतूद आधीच पावणेपाच वर्षं जुनी झाली होती.

‘आम्हाला न विचारता चावी घेऊन गेला’ हे सांगून सुटता येईल का? मालकाच्या किंवा पालकाच्या संमतीनंच गाडी वापरली गेली, असं न्यायालयानं गृहीत धरायचं, असं कायदाच सांगतो. आपल्याला माहीत नव्हतं किंवा आपण पुरेशी खबरदारी घेतली होती, हे सिद्ध करण्याचा भार पालकावर असतो. खुंटीला टांगलेली चावी ही खबरदारी ठरणं कठीण. विम्याचंही असंच. २०११ साली सर्वोच्च न्यायालयापुढे आलेल्या एका प्रकरणात अल्पवयीन पुतण्यानं आपल्या नकळत मोटरसायकल नेली, असं मालकाचं म्हणणं होतं. ते टिकलं नाही. विमा कंपनीनं मृताच्या कुटुंबाला भरपाई द्यावी आणि ती रक्कम मालकाकडून वसूल करावी, हाच निर्णय कायम राहिला. थर्ड पार्टी विमा असतो तो समोरच्याच्या भल्यासाठी. विनालायसन चालवलेल्या गाडीच्या मालकाला तो वाचवत नाही.

आता कच्च्या लायसनकडे येऊ. ते मिळालं की गाडी चालवायला मोकळे, असं मानणारे तर घरोघरी आहेत. केंद्रीय मोटार वाहन नियम, १९८९ मधला तिसरा नियम सांगतो की शिकणाऱ्याबरोबर पक्कं लायसन असलेला शिकवणारा हवा आणि गाडी आवरता किंवा थांबवता येईल अशा जागी तो बसलेला हवा. गाडीला पुढे-मागे पांढऱ्या पाटीवर लाल ‘एल’ हवा, पाटी किमान अठरा सेंटिमीटर चौरस. दुचाकीवर शिकवणाऱ्याखेरीज दुसरं कुणी मागे बसवायचं नाही. धाकट्या बहिणीला शाळेत सोडायला जाणारा कच्च्या लायसनवाला भाऊ या नियमात बसत नाही. हे लायसन सहा महिने चालतं आणि पक्क्याच्या चाचणीला किमान तीस दिवसांनंतरच जाता येतं. ते तीस दिवस सरावासाठी ठेवलेले आहेत. आपल्याकडे ते चाचणीच्या तारखेची वाट बघण्यात जातात. ड्रायव्हिंग स्कूलच्या प्रमाणपत्रावर चाचणी माफ होते, हेही सरसकट खरं नाही. २०२१ च्या नियमांखाली मान्यता मिळालेल्या मोठ्या प्रशिक्षण केंद्रांपुरतीच ती माफी आहे. तिथे हलक्या वाहनाचा अभ्यासक्रम २९ तासांचा असतो, त्यातले २१ तास प्रत्यक्ष चालवण्याचे. कोपऱ्यावरच्या मोटर ट्रेनिंगचा कागद दाखवून आरटीओच्या ट्रॅकवरून सुटका होत नाही.

एक शंका खास खानदेशी घरांतली. गावाकडे, जळगावला किंवा नंदुरबारला काढलेलं लायसन इथे चालतं का? चालतं. कच्चं असो की पक्कं, कायद्याप्रमाणे ते भारतभर वैध आहे. नवापूर स्टेशनच्या फलाटावर महाराष्ट्र संपून गुजरात सुरू होतो, पण लायसन तिथे बदलत नाही. वयाची अटही बदलत नाही. गावी काका-मामाची बुलेट पळवणाऱ्या पुतण्या-भाच्यांनाही हेच सगळं लागू आहे.

आता मुद्द्याचं. ‘अमेरिकेत सोळाव्या वर्षी गाडी देतात, आपणच मागास,’ असं न्यू जर्सीला किंवा टोरांटोला नातेवाईक असलेल्या घरांत हमखास ऐकू येतं. ते देतात, पण टप्प्याटप्प्यानं देतात. न्यू जर्सीत सोळाव्या वर्षी प्रशिक्षणासह शिकाऊ परवाना मिळतो. शेजारी किमान एकवीस वर्षांचा, तीन वर्षं लायसन असलेला माणूस बसवून सहा महिने सराव करायचा. सतराव्या वर्षी जे लायसन मिळतं त्यावर रात्री अकरानंतर पहाटे पाचपर्यंत गाडी चालवता येत नाही, एकापेक्षा जास्त मित्र गाडीत घेता येत नाहीत आणि फोनला हात लावता येत नाही. नंबर प्लेटवर लाल खूण लावावी लागते. ही खूण मे २०१० पासून आहे. पूर्ण लायसन अठराव्या वर्षी. टोरांटो ज्या ऑन्टारिओ प्रांतात आहे, तिथे १९९४ पासून अशीच जी-वन, जी-टू, जी अशी चढण आहे. ऑस्ट्रेलियाच्या व्हिक्टोरिया राज्यात एकविशीच्या आतल्या शिकाऊला १२० तासांची नोंदवही भरून दाखवावी लागते आणि त्यातले वीस तास रात्रीचे लागतात. या पद्धतीची सुरुवात न्यूझीलंडनं १९८७ साली केली.

यामागचं कारण साधं आहे आणि अभ्यासांनी ते वारंवार दाखवलं आहे. अपघाताचा धोका सर्वांत जास्त असतो तो एकट्यानं गाडी चालवू लागल्यानंतरच्या पहिल्या काही महिन्यांत. रात्री तो वाढतो, आणि सोबत समवयस्क बसले की आणखी वाढतो. सोळा-सतरा वर्षांच्या चालकाबरोबर जितके जास्त प्रवासी, तितका त्याच्या मृत्यूचा धोका जास्त, हे अमेरिकेतल्या आकडेवारीवरून २००० साली मांडलं गेलं. सगळ्यात परिपूर्ण टप्पेवार नियम असलेल्या राज्यांत सोळा वर्षांच्या चालकांचे प्राणघातक अपघात ३८ टक्क्यांनी कमी आढळले. मुलगा हुशार आहे की धांदरट, याचा त्यात फारसा संबंध नाही. समोरच्या रिक्षाचं चाक किंचित वळलं म्हणजे ती आता थांबणार, हे डोळ्यांना कळायला महिने लागतात.

आपल्याकडे पहिला टप्पा कागदावर आहे आणि त्यानंतर एकदम सगळंच मोकळं होतं. अठरा पूर्ण, तीस दिवस, ट्रॅकवरची चाचणी, आणि दुसऱ्याच दिवशी रात्री दोन वाजता चार मित्र घेऊन महामार्गावर जायला कायद्याची पूर्ण मुभा. अहमदाबादच्या इस्कॉन पुलावर २० जुलै २०२३ रोजी मध्यरात्रीनंतर नऊ जण चिरडले गेले. त्यात एक पोलीस आणि एक होमगार्ड होता. गाडी चालवणारा वीस वर्षांचा होता आणि गाडीत मित्रमैत्रिणी होत्या. पुण्यात १९ मे २०२४ च्या पहाटे दोन तरुण अभियंत्यांचा बळी घेणारी पोर्शे सतरा वर्षांच्या मुलाच्या हाती होती. पुण्याचं प्रकरण वयाच्या नियमात सापडतं. अहमदाबादच्या चालकाचं वय कायद्यात बसत होतं. रात्र, वेग आणि सोबती दोन्हीकडे होते, आणि त्यांच्याबद्दल आपला लायसनचा नियम अवाक्षर काढत नाही.

दुचाकीच्या बाबतीत तर शिडीच्या मधल्या पायऱ्याच गायब आहेत. युरोपीय देशांत २०१३ पासून सोळाव्या वर्षी १२५ सीसीपर्यंत, अठराव्या वर्षी मध्यम ताकदीची आणि त्यावर दोन वर्षं काढल्यावर मोठी मोटरसायकल, अशी सर्वसाधारण रचना आहे. काही देशांनी वयाची अट आणखी वर नेली आहे. आपल्याकडे ५० सीसीवरून थेट उडी. गिअरच्या दुचाकीचं एकच लायसन शंभर सीसीच्या स्प्लेंडरला चालतं आणि हजार सीसीच्या सुपरबाइकलाही. २०२२ मध्ये देशात रस्त्यांवर १,६८,४९१ माणसं मेली, त्यांत दुचाकीवरचे सुमारे ४४ टक्के. त्या वर्षीच्या मृतांपैकी ५०,०२९ जणांच्या डोक्यावर हेल्मेट नव्हतं, आणि त्यांतले १४ हजारांहून अधिक मागे बसलेले होते. मागच्याला हेल्मेट लागत नाही, हा समजही खोटाच आहे. चार वर्षांवरच्या प्रत्येकाला ते सक्तीचं आहे, आणि शहराच्या हद्दीतही आहे.

कायदा बदलेपर्यंत मधल्या पायऱ्या घरात घालता येतात. अठराव्या वर्षी पक्कं लायसन आलं की पहिले सहा महिने मागे कुणी बसवायचं नाही, रात्री दहानंतर गाडी काढायची नाही, डुमस रोड आणि आउटर रिंग रोडला जायचं नाही, हेल्मेटची पट्टी लावल्याशिवाय चावी फिरवायची नाही. धुळ्याकडच्या महामार्गावर पहिली फेरी मोठ्या माणसाबरोबर आणि दिवसाउजेडी. न्यू जर्सीतला मावसभाऊ सरकारी नियम म्हणून जे पाळतो, त्याच धर्तीचं हे आहे.

आणि पंधरा-सोळाच्या मुलांचं काय? उधना दरवाजा ते सचिन जीआयडीसी हा सुरतच्या बीआरटीएसचा पहिला मार्ग होता आणि तो याच वस्त्यांच्या बाजूनं जातो. सिटीलिंक बसचं जाळं त्यानंतर वाढलं. जवळच्या क्लासला सायकल पुरते. पण क्लास रात्री साडेनऊला सुटत असेल, तर बसच्या वेळा, स्टॉपपासून घरापर्यंतचा अंधारा रस्ता आणि मुलींची सुरक्षितता हे प्रश्न खरे आहेत. ते सोडवल्याशिवाय नुसत्या मेमोनं एक्टिवा घरात थांबणार नाही. क्लासवाल्यांनी आपल्या पार्किंगमध्ये नजर टाकावी. दहावीच्या बॅचबाहेर उभ्या असलेल्या स्कूटर कुणाच्या आहेत, हे त्यांना विचारावं लागत नाही. लायसनशिवाय गाडी आणली तर प्रवेश नाही, असा नियम त्यांना उद्यापासून करता येईल, आणि दहावीच्या बॅचची वेळ संध्याकाळी सातच्या आत आणता येईल.