इंजिनाच्या पाण्याचा तापमान-सेन्सर : दोष कसा ओळखावा व कसा बदलावा

सातारा व सांगली या दोन जिल्ह्यांस इंजिनाचा परिचय नवा नाही. १९१० मध्ये स्थापन झालेली किर्लोस्करवाडी आणि १९२२ मध्ये सुरू झालेला साताऱ्याचा कूपर कारखाना यांनी येथील शेतकऱ्यांच्या हाती लोखंडी नांगर दिला व पुढे पंप आणि इंजिनेही दिली. विहिरीवरील जुन्या इंजिनास तापमान दाखविणारा काटा नसे. पंपाने उपसलेल्या पाण्याचाच काही भाग इंजिनातून फिरवून बाहेर सोडीत, आणि त्या पाण्याखाली हात धरून इंजिन किती तापले आहे याचा अंदाज घेत. आज ट्रॅक्टर, जीप व मोटार यांत ते काम हाताच्या बोटाएवढा एक सेन्सर करतो. चालक आपल्या जागेवरून उठत नाही. तो काट्यावर किंवा दिव्यावर विसंबून असतो. म्हणून काटा खोटा बोलू लागला तर काय करावे, हे प्रत्येक वाहनधारकास ठाऊक असणे अगत्याचे आहे.

ऊस गळिताच्या हंगामात या गोष्टीचे महत्त्व विशेष जाणवते. दोन भरलेल्या ट्रॉल्या ओढणारा ट्रॅक्टर वाटेत थांबला, तर तोडलेला ऊस वाळून त्याचे वजन व साखर दोन्ही घटतात. याउलट तापलेले इंजिन तसेच चालविले, तर हेड गॅस्केट जळते, हेड वाकते, प्रसंगी पिस्टन जाम होतो, आणि कर्जाचे हप्ते फेडावयाचे असतानाच यंत्र गॅरेजमध्ये पडून राहते. अशा वेळी दोन प्रकारच्या चुका घडतात. पहिली, इंजिन खरोखर तापले असता "सेन्सर खराब असेल" असे म्हणून दुर्लक्ष करणे. दुसरी, केवळ सेन्सर किंवा त्याची तार बिघडली असता रेडिएटर, वॉटर पंप इत्यादी भाग विनाकारण बदलणे. दोन्ही टाळण्याचा मार्ग एकच : प्रथम इंजिनाचा खरा ताप पाहावा, नंतर काट्याची परीक्षा करावी आणि मगच सेन्सर बदलावा.

सेन्सरची रचना व कार्य

हा सेन्सर बहुधा सिलिंडर हेडवर किंवा थर्मोस्टॅटच्या घराजवळ आट्यांनी बसविलेला असतो. त्याचे टोक इंजिनात फिरणाऱ्या पाण्यात बुडालेले असते. टोकाच्या आत असा पदार्थ असतो की, तो जसजसा तापतो तसतसा त्याचा विजेला होणारा अवरोध कमी होतो. पुष्कळ मोटारींत आढळणाऱ्या एका प्रकारात २० अंश सेल्सिअसला सुमारे २,५०० ओहम, ४० अंशाला सुमारे १,२००, ६० अंशाला सुमारे ६०० आणि ८० अंशाला सुमारे ३२० ओहम अवरोध असतो. सर्व कंपन्यांचे आकडे सारखे नसतात. ट्रॅक्टरच्या सेन्सरचे तर बरेच निराळे असतात. आपल्या वाहनाच्या माहितीपुस्तिकेतील आकडेच प्रमाण मानावेत.

वाहनांत साधारणतः तीन प्रकार आढळतात.

१. नळीचा तापमापक : जुन्या ट्रॅक्टरमध्ये बारीक तांब्याची नळी इंजिनापासून थेट काट्यापर्यंत जाते. हिला विजेचा संबंध नसतो. नळी दबली अथवा तुटली, तर ती सांधण्याच्या भरीस पडू नये. संपूर्ण तापमापकच बदलावा.

२. एका तारेचा सेन्सर : यास एकच तार असून परतीचा मार्ग त्याच्या आट्यांतून इंजिनाच्या धातूकडे, म्हणजे अर्थकडे, जातो.

३. दोन तारांचा सेन्सर : अलीकडील मोटारींत व नव्या ट्रॅक्टरमध्ये हा इंजिनाच्या संगणकास माहिती पुरवितो. किती इंधन द्यावे व विजेचा पंखा केव्हा फिरवावा, हे संगणक त्यावरून ठरवितो.

एक गोष्ट विशेष ध्यानात ठेवावी. सेन्सर आपल्या टोकाभोवती जे असेल त्याचेच तापमान सांगतो. पाणी गळून पातळी सेन्सरच्या खाली गेली, तर टोक हवेत उघडे पडते व काटा खाली येऊ शकतो. इंजिन मात्र त्या वेळी पाण्यावाचून जळत असते. चढणीवर वर गेलेला काटा एकाएकी खाली आला, तर "इंजिन थंड झाले" असे समजू नये. तत्काळ थांबून पाण्याची पातळी तपासण्याचीच ती खूण होय.

काटा तांबड्या रेषेजवळ गेल्यास

पसरणीच्या घाटात किंवा खंबाटकीच्या चढणीवर असा प्रसंग आल्यास वाहन सुरक्षित जागी बाजूस घ्यावे. वाफ निघत नसेल, पाणी गळत नसेल व पंख्याचा पट्टा शाबूत असेल, तर भार काढून इंजिन एक-दोन मिनिटे मंद चालू ठेवावे. पाणी फिरत राहून ताप उतरतो. वाफ निघत असल्यास, पट्टा तुटला असल्यास किंवा काटा खाली येत नसल्यास इंजिन लगेच बंद करावे. तापलेल्या रेडिएटरचे झाकण कदापि उघडू नये. आतील पाणी दाबाखाली असल्याने १०० अंशाच्या वर तापूनही उकळत नाही. झाकण सैल होताच ते उसळून हात व तोंड भाजते. तापलेल्या इंजिनात थंड पाणीही ओतू नये, कारण त्याने हेडला तडा जाण्याचा संभव असतो. हात सहज लावता येईल इतके इंजिन निवेपर्यंत धीर धरावा.

ताप खरा की खोटा ?

पुढील खुणा खऱ्या तापाच्या होत : पाणी वारंवार कमी होणे, इंजिनाची ओढ घटणे, रेडिएटरमधून उकळण्याचा आवाज येणे. त्याची कारणे अशी शोधावीत. रेडिएटरच्या जाळीत उसाचे पाचट, भुसा व धूळ बसली आहे काय, हे पाहावे. असल्यास इंजिन थंड असताना आतील बाजूकडून बाहेर हवा किंवा बेताचे पाणी मारून जाळी साफ करावी. इंजिन बंद ठेवून पंख्याचा पट्टा अंगठ्याने दाबावा. तो सुमारे १० ते १५ मिलिमीटरहून अधिक दबल्यास सैल समजावा. इंजिन गरम असून रेडिएटर व त्याकडे जाणारी वरची नळी बराच वेळ थंडच राहिली, तर थर्मोस्टॅट बंद अवस्थेत अडकला असण्याचा संभव आहे. रेडिएटरच्या पाण्यात बुडबुडे येणे किंवा इंजिन ऑइल दुधाळ दिसणे, ही हेड गॅस्केट गेल्याची लक्षणे असून अशा वेळी कुशल कारागिराकडेच जावे.

खोट्या तापाची सर्वांत सोपी परीक्षा सकाळी करता येते. रात्रभर उभ्या असलेल्या वाहनाची किल्ली फिरविताच काटा तांबड्या रेषेवर जात असेल, तर दोष सेन्सर, तार किंवा मीटर यांतच आहे. रात्रभर थंड झालेले इंजिन क्षणात तापू शकत नाही. उलट अर्धा तास भाराखाली चालूनही काटा तळाशीच राहिला, तर सेन्सर वा तार बिघडली असेल किंवा थर्मोस्टॅट उघडा अडकला असेल. काही ठिकाणी उन्हाळ्यात थर्मोस्टॅट काढूनच टाकतात. तसे केल्यास सेन्सर चांगला असूनही काटा वर येत नाही, इंजिन योग्य तापावर चालत नाही, इंधन अधिक लागते व झीज वाढते. ही प्रथा सोडून द्यावी.

संगणक असलेल्या मोटारीत आणखी काही लक्षणे दिसतात. सेन्सर "थंड" असा खोटा संदेश देत असल्यास इंधन जादा पडते, काळा धूर येतो, गरम इंजिन सुरू होण्यास त्रास देते आणि पंखा वेळेवर फिरत नाही. "गरम" असा खोटा संदेश गेल्यास सकाळी इंजिन लवकर सुरू होत नाही. तार तुटल्याचे ओळखून अनेक मोटारींचा संगणक इंजिनाच्या रक्षणासाठी पंखा सतत फिरता ठेवतो.

सेन्सरची तपासणी

प्रथम डोळ्यांनी पाहावे. तार उंदराने कुरतडली आहे काय, जोडणीत गंज किंवा हिरवा थर आहे काय, सेन्सरच्या बुडाशी पाणी झिरपते काय, हे तपासावे. जोडणी साफ केल्यानेच दोष दूर होऊन नवा सेन्सर घेण्याचा खर्च वाचतो, असे पुष्कळदा घडते.

एका तारेचा सेन्सर असल्यास किल्ली चालू, पण इंजिन बंद ठेवून तार काढावी. बहुतेक वाहनांत काटा थंड बाजूस गेला पाहिजे. नंतर तार क्षणभर इंजिनाच्या स्वच्छ धातूस टेकवावी. काटा गरम बाजूकडे सरकू लागताच ती दूर करावी. या दोन्ही गोष्टी घडल्या, तर मीटर व तार चांगली असून दोष सेन्सरमध्ये आहे. घडल्या नाहीत, तर सेन्सर बदलून उपयोग नाही. ही तार टेकविण्याची परीक्षा संगणकाच्या दोन तारांवर करू नये. तेथे गॅरेजमधील स्कॅनर लावून, रात्रभर थंड राहिलेल्या इंजिनाचे तापमान हवेच्या तापमानाशी ताडून पाहावे. दोन्हींत चार-पाच अंशांहून अधिक फरक नसावा. स्कॅनरवर पी ०११७ हा संकेत आल्यास सेन्सर किंवा तार अर्थला चिकटल्याचा, आणि पी ०११८ आल्यास तार तुटल्याचा अथवा जोडणी सुटल्याचा संशय घ्यावा.

काढलेल्या सेन्सरची अंतिम परीक्षा घरीही करता येते. पातेल्यात पाणी घेऊन त्यात सेन्सरचे टोक व तापमापक, तळास न टेकतील असे, टांगावेत. जोडणीची बाजू पाण्याबाहेर असावी. मल्टिमीटर ओहमवर लावून पाणी हळूहळू तापवावे व दर २० अंशांस आकडा लिहून घ्यावा. अवरोध सलग उतरत गेला पाहिजे. तो मध्येच उडी घेत असल्यास सेन्सर निकामी समजावा. उकळते पाणी म्हणजे १०० अंश, असे येथे गृहीत धरू नये. उंचीप्रमाणे उत्कलनबिंदू उतरतो. सांगलीस तो सुमारे ९८, तर महाबळेश्वरी सुमारे ९५-९६ अंश असतो.

सेन्सर बदलण्याची रीत

१. इंजिन पूर्ण थंड होऊ द्यावे व बॅटरीची ऋण तार काढावी.

२. रेडिएटरखाली स्वच्छ भांडे ठेवून पाण्याची पातळी सेन्सरच्या खाली येईल इतकेच कुलंट काढावे. कुलंट गोडसर परंतु विषारी असते. ते गोठ्यात, पाटात किंवा अंगणात सांडू देऊ नये. जनावरे व कुत्री ते चाटतात व दगावतात. भांडे झाकून मुलांपासून दूर ठेवावे.

३. जोडणीची चाप दाबून ती सरळ ओढावी. तार धरून ओढू नये. योग्य मापाच्या पान्याने सेन्सर सोडवावा.

४. नवा सेन्सर जुन्याशेजारी धरून आटे, लांबी व जोडणी ताडून पाहावी. वाहनाचा प्रकार व भाग-क्रमांक सांगूनच तो खरेदी करावा. दिसण्यात सारख्या दोन सेन्सरांचे आकडे भिन्न असू शकतात.

५. नवे वॉशर घालून प्रथम हाताने आटे बसवावेत आणि नंतर पुस्तिकेत दिलेल्या जोरानेच पाना फिरवावा. ॲल्युमिनियमच्या हेडमध्ये अति जोराने आटे जातात. एका तारेच्या सेन्सरवर टेप गुंडाळू नये. अर्थ तुटून काटा चुकीचे तापमान दाखवितो.

६. जोडणी लावून कुलंट भरावे. झाकण उघडे ठेवून इंजिन मंद चालवावे, म्हणजे अडकलेली हवा निघून जाते. हवा काढण्याचा स्क्रू असल्यास तो वापरावा. कुलंट तापून वर येऊ लागण्यापूर्वी झाकण लावावे. वरची नळी गरम होईपर्यंत गळती व काटा पाहत राहावे. इंजिन पुन्हा थंड झाल्यावर पातळी भरून काढावी.

पुन्हा दोष येऊ नये म्हणून

कृष्णाकाठच्या बागायती काळ्या जमिनींत अनेक ठिकाणी क्षारांचे प्रमाण वाढले आहे. तेथील विहिरीचे व बोअरचे जड पाणी रेडिएटरमध्ये भरल्यास पातेल्याच्या बुडाशी बसतो तसाच थर इंजिनाच्या आत व सेन्सरच्या टोकावर बसतो. त्यामुळे इंजिन तापते आणि ते तापल्याची वर्दीही उशिरा मिळते. म्हणून पुस्तिकेत सांगितलेले कुलंट बॅटरीसाठी मिळणाऱ्या शुद्ध पाण्यात योग्य प्रमाणात मिसळून वापरावे आणि ठरलेल्या मुदतीस बदलावे. वाटेत अडचण म्हणून साधे पाणी घालावे लागलेच, तर हंगाम संपण्याची वाट न पाहता ते काढून टाकावे.

गावपातळीवरील कार्यकर्त्यांनी गळीत हंगाम सुरू होण्यापूर्वी ट्रॅक्टरधारकांस एकत्र बोलावून थंड इंजिनावरील काट्याची, पट्ट्याची व पाण्याच्या पातळीची तपासणी प्रत्यक्ष करून दाखवावी. या तिन्ही गोष्टींस मिळून दहा मिनिटांहून अधिक वेळ लागत नाही. चालकांनीही रोज सकाळी इंजिन सुरू करण्यापूर्वी पाणी पाहावे आणि किल्ली फिरविताच काटा कोठे उभा आहे याकडे एकवार लक्ष द्यावे.