ज.वि.ना. आणि ना.वि.ज.

१९७४ साली मराठी विज्ञान परिषदेच्या विज्ञानकथा स्पर्धेत नारायण विनायक जगताप नावाच्या अनोळखी गृहस्थांची ‘कृष्णविवर’ ही कथा आली आणि पहिली आली. बक्षीस लागल्यावर उघड झालं, की असे कुणी जगताप नाहीतच. ना.वि.ज. ही आद्याक्षरं उलटी वाचायची: ज.वि.ना. म्हणजे जयंत विष्णु नारळीकर. परीक्षकांपैकी कुणी अक्षरावरून ओळखू नये म्हणून पत्नी मंगलाताईंनी ती कथा आपल्या हातानं उतरवून काढली होती.

मला या माणसाविषयी जे काही सांगायचंय, त्याची किल्ली या बनावट नावात आहे. तेव्हा नारळीकर छत्तिशीत होते. पद्मभूषण मिळून नऊ वर्षं झाली होती, शाळेच्या पुस्तकांपासून वर्तमानपत्रांपर्यंत सगळीकडे त्यांचा फोटो. नाव घालून कथा पाठवली असती तर कुणाची टाप होती ती परत करायची? नेमकं तेच त्यांना नको होतं. कथा चांगली आहे की लेखक मोठा आहे, हे वेगळं काढायचं तर लेखकालाच वजा करायला हवं. प्रयोगशाळेतला हा नियम त्यांनी साहित्याला लावला. कथा सुचली कुठे, तर अहमदाबादच्या एका परिषदेत. व्याख्यान कंटाळवाणं होतं आणि समोर कागद होते. रटाळ व्याख्यानांचे मराठी साहित्यावर असे उपकार आहेत, हे संयोजकांनी लक्षात घ्यावं.

चरित्राचा भाग एका दमात उरकतो, कारण तो सगळीकडे मिळतो. जन्म १९ जुलै १९३८, कोल्हापूर. वडील विष्णु वासुदेव बनारस हिंदू विश्वविद्यालयात गणिताचे प्राध्यापक, आई सुमतीबाई संस्कृतच्या अभ्यासक. बालपण आणि शाळा बनारसला, १९५७ साली बी.एस्सी., मग केंब्रिज. तिथे १९५९ साली सीनियर रँग्लर, फ्रेड हॉइल यांच्या हाताखाली १९६३ साली पीएच.डी. १९७२ साली मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेत परत, १९८८ पासून पुण्याच्या ‘आयुका’ या खगोलशास्त्राच्या संस्थेचे संस्थापक-संचालक, २००३ साली निवृत्त. कलिंग पुरस्कार, पद्मविभूषण, महाराष्ट्रभूषण, ‘चार नगरांतले माझे विश्व’ या आत्मचरित्राला साहित्य अकादमी. २० मे २०२५ रोजी पुण्यात निधन. झालं.

यातलं एकच दृश्य जरा थांबून बघण्यासारखं आहे. बनारसच्या घरात वडिलांनी मुलांना खरडायला भिंतीवर दोन मोठे फळे करून दिले होते. मोरूमामा हुजूरबाजार शिकायला त्या घरी राहायला आले आणि त्यांनी एका फळ्यावर गणित लिहून वर ‘ज.वि.ना.ला आव्हान’ अशा अर्थाचा मथळा टाकायला सुरुवात केली. गणित सुटेपर्यंत फळा पुसायचा नाही. उत्तर सांगायला मामा तयार नसत. पोरगं येता-जाता त्या फळ्याकडे बघत असणार, जेवतानासुद्धा. आमच्या शाळेत नेमकं उलटं होतं. विज्ञानाच्या सरांना प्रश्न विचारला की ते घड्याळ बघत आणि म्हणत, ‘पोर्शन राहिलाय.’ तो पोर्शन अजून राहिलेलाच आहे.

केंब्रिजमधला एक प्रसंग मला फार आवडतो. १९४८ साली हॉइल, बाँडी आणि गोल्ड यांनी स्थिर स्थितीचा सिद्धांत मांडला होता. विश्व प्रसरण पावतं, पण ते विरळ होत नाही, मोकळ्या होणाऱ्या जागेत नवं द्रव्य निर्माण होत राहतं. म्हणून विश्वाला ना आरंभ, ना अंत. समोरच्या पक्षाच्या महास्फोटाच्या सिद्धांताला ‘बिग बँग’ हे नाव हॉइल यांनीच १९४९ साली बीबीसीवर बोलताना दिलं. विरोधकाचं बारसं आपणच करायचं आणि तेच नाव जगभर चालायचं, हा नशिबाचा खेळ. १९६१ च्या आरंभी मार्टिन राइल यांनी रेडिओस्रोतांची मोजदाद जाहीर केली. दूरचे, अंधूक स्रोत स्थिर स्थितीच्या हिशेबापेक्षा जास्त निघत होते. दूरचं म्हणजे जुनं, तेव्हा पूर्वीचं विश्व आजच्यासारखं नव्हतं, असा त्याचा अर्थ. त्याला उत्तर हॉइल आणि नारळीकर यांनी मिळून तयार केलं, की आकाशगंगांचे थवे पुरेसे मोठे धरले तर ही मोजदाद स्थिर स्थितीतही बसू शकते. ते रॉयल अॅस्ट्रॉनॉमिकल सोसायटीत मांडायच्या दिवशी हॉइल यांना येता येणार नव्हतं. मग कोण जाणार? संशोधनाच्या पहिल्या वर्षाचा विद्यार्थी. बावीस वर्षांचा मुलगा राइल यांच्यासमोर उभा राहिला आणि बोलून आला.

जून १९६४ मध्ये गुरुशिष्यांचा गुरुत्वाकर्षणाचा नवा सिद्धांत रॉयल सोसायटीत मांडला गेला, तेव्हा श्रोत्यांतून एक कृश तरुण काठीच्या आधारानं उठला. तुमची एक राशी अनंत होते, असं त्यानं हॉइल यांना सुनावलं. तो स्टीफन हॉकिंग. त्याची खोली नारळीकरांच्या शेजारी होती आणि शेजाऱ्याची आकडेमोड त्यानं आधीच बघून ठेवली होती. शेजारी असावेत तर असे!

१९६५ साली पेन्झियस आणि विल्सन यांना आकाशभर पसरलेलं सूक्ष्मलहरींचं प्रारण सापडलं. त्यानंतर बहुतेक शास्त्रज्ञ महास्फोटाच्या बाजूला गेले. नारळीकर गेले नाहीत. १९९३ साली त्यांनी हॉइल आणि जेफ्री बर्बिज यांच्यासह आभासी-स्थिर स्थितीचं प्रतिमान मांडलं. माझं मत विचाराल तर या सामन्यात ते हरले, आणि त्यांचे चाहते हे मान्य करायला उगीच लाजतात. पुरावा दुसऱ्या बाजूला साठत गेला. पण संख्येनं मोठी बाजू म्हणून ती खरी, हा युक्तिवाद त्यांनी अखेरपर्यंत चालू दिला नाही. बहुमताचं नावही त्यांच्या लेखी वजाच करायचं.

आता माझ्या लाडक्या कोपऱ्याकडे. १९७५ च्या कऱ्हाडच्या साहित्य संमेलनात अध्यक्ष दुर्गा भागवत यांनी नारळीकरांच्या विज्ञानकथेची दखल घेतली आणि जगतापांचा मुखवटा कायमचा उतरला. पुढे ‘यक्षांची देणगी’, ‘प्रेषित’, ‘वामन परत न आला’, ‘व्हायरस’. समीक्षक म्हणतात, पात्रं सपाट आहेत. असतील. मी मात्र ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ दहा वेळा वाचली आहे.

पुण्याचे इतिहासकार गंगाधरपंत गायतोंडे ट्रकच्या धडकेनं अशा जगात जातात, जिथे १७६१ साली पानिपतावर मराठे जिंकलेत. मुंबईत उतरतात तर ईस्ट इंडिया कंपनी अजून दुकान थाटून बसलेली. पंत वाचनालयात जाऊन आपल्याच इतिहासग्रंथांत शोध घेतात: बिनसलं कुठे? उत्तर एका गोळीत. विश्वासरावांना लागलेली गोळी या जगात कानाजवळून निघून गेली. पण मला पानिपताहून आझाद मैदान जास्त आवडतं. तिथे सभा चाललेली असते आणि व्यासपीठावर अध्यक्षांची खुर्ची रिकामी! या जगातल्या लोकांनी अध्यक्ष ही संस्थाच मोडीत काढलेली. नऊशे नव्व्याण्णव सभांचं अध्यक्षपद भूषवलेल्या पंतांना ते बघवत नाही. ते वर चढतात, खुर्चीत बसतात, बोलू लागतात आणि टोमॅटो-अंड्यांचा मार खातात. पुण्याच्या सभासंस्कृतीवर इतकी गोड चपराक कुणी मारली नसेल.

आणि नियतीला विनोदबुद्धी नाही असं कोण म्हणतं? २०२१ च्या नाशिकच्या साहित्य संमेलनाचे अध्यक्ष खुद्द नारळीकर झाले. प्रकृतीमुळे ते नाशिकला जाऊ शकले नाहीत. संमेलन झालं, अध्यक्ष मंडपात नव्हते. गंगाधरपंतांना हे कसं सोसलं असतं कोण जाणे.

दुसरी कथा ‘उजव्या सोंडेचा गणपती’. तिचा गाभा मोबियसची पट्टी. घरी करून बघा, आकाशकंदिलाचे कागद कापताना हमखास एक पट्टी उरते. शक्यतो ट्रेसिंग पेपरची घ्या, आरपार दिसणारी. टोकं जोडण्याआधी एका टोकाला अर्धा पीळ द्या आणि चिकटवा. आता त्यावर डाव्या सोंडेचा छोटा गणपती काढा. मग पट्टी सरकवत तेच चित्र पुढे पुढे गिरवत चला. एक फेरी पूर्ण करून मूळ जागी आलात की बाप्पाची सोंड उजवीकडे. चित्र कुठेही उचललं नाही, फक्त चालत गेलो. कागदावरच्या सपाट गणपतीचं जे होतं, ते जर त्रिमितीतल्या माणसाचं झालं तर? कथेत तेच घडतं.

आयुकात मी विज्ञानदिनाला गेलोय, चार्ल्स कोरिया यांनी बांधलेल्या त्या काळ्या दगडाच्या भिंतींमधून हिंडलोय. कुंडात आर्यभट, गॅलिलिओ, न्यूटन, आइन्स्टाइन बसवलेत. फुकोचा लंबक आहे. ध्रुवावर त्याच्या झोक्याची दिशा दिवसात पूर्ण फिरते. पुण्याच्या अक्षांशावर एका फेरीला तीन दिवसांहून थोडा जास्त वेळ लागतो. मी तासभर उभा होतो, तेवढ्यात पाचएक अंश सरकली. पृथ्वी फिरते हे इतक्या सावकाश कुणी पटवून दिलं नव्हतं. पलीकडे मुलांसाठीची ‘मुक्तांगण विज्ञान शोधिका’, पु. ल. देशपांडे प्रतिष्ठानच्या देणगीतून उभी राहिलेली. इमारतीचं नाव ‘पुलस्त्य’. सप्तर्षींतला तारा आणि पु.ल., दोघेही एका शब्दात बसले. अरविंद गुप्ता याच शोधिकेत काडेपेट्या आणि स्ट्रॉ यांतून खेळणी करत.

व्याख्यान संपलं की मुलं स्वाक्षरीसाठी वह्या पुढे करत. नारळीकर सही देत नसत. सांगत, ‘मला पोस्टकार्डावर प्रश्न पाठव, मी उत्तर लिहून खाली सही करीन.’ प्रश्नाशिवाय सही नाही. मोरूमामांच्या फळ्याचंच हे धाकटं भावंड.

फलज्योतिषाशी त्यांचं भांडणही नाव वजा करण्याच्याच पद्धतीचं होतं. नरेंद्र दाभोलकर आणि सहकाऱ्यांना घेऊन त्यांनी २००८ साली चाचणी मांडली. शंभर हुशार आणि शंभर मतिमंद मुलांच्या कुंडल्या, नावं काढून टाकलेल्या. प्रत्येक ज्योतिष्याला चाळीस, ओळखा कोणती कुणाची. एक्कावन्न जणांनी तयारी दाखवली, सत्तावीस जणांची उत्तरं आली. सरासरी बरोबर ४६ टक्के. नाणं उडवलं असतं तर पन्नासाच्या आसपास आले असते. रागावणं नाही, टवाळी नाही, नुसता आकडा.

मी स्वतः ते पोस्टकार्ड कधी पाठवलं नाही. आणलं होतं, आयुकाचा गणेशखिंडीचा पत्ताही घातला होता, पण प्रश्न सुचेना. जे सुचे ते पुस्तकात सापडे. परवा फराळ चालू असताना आठवीतल्या पुतणीला ती मोबियसची पट्टी करून दाखवली, कथा सांगितली. चकली मोडत ती म्हणाली, ‘काका, तो उलटा झालेला माणूस ही चकली खाऊ शकेल?’

मी हसलो आणि मग हसू थांबलं. आपल्या शरीरातली प्रथिनं एका हाताच्या रेणूंची बनलेली, साखर दुसऱ्या हाताची. पचवणारी विकरं त्या-त्या हाताचे हातमोजे असावेत तशी नेमकी बसतात. आरशातल्या माणसाची विकरंही आरशातली. भाजणीतलं पीठ आणि डाळ, लाडवातली साखर त्यांत बसणारच नाही. फराळानं भरलेल्या ताटासमोर तो उपाशी राहील. मीठ आणि पाणी तेवढं चालेल.

मी कपाटातून ते जुनं पोस्टकार्ड काढून तिला दिलं. बारीक अक्षरात तिनं प्रश्न लिहिला, खाली स्वतःचं नाव घातलं आणि विचारलं, पत्ता बदलायचा का?