अक्षराची आकृती आणि अक्षराचा क्रमांक

ग्रंथालयाच्या संगणकावर एखादा जुना अहवाल उघडावा आणि मजकुराच्या जागी रिकाम्या चौकटी किंवा अर्थहीन रोमन अक्षरे दिसावीत, असा अनुभव पुष्कळांस येतो. फाइल निकामी झाली असे समजून ती टाकून देण्यात येते. वस्तुतः मजकूर बहुधा शाबूत असतो. हरवलेली असते ती त्याची आकृती.

संगणक प्रत्येक अक्षर क्रमांकाच्या रूपाने साठवितो. त्या क्रमांकाची आकृती कशी काढावयाची, हे फाँट सांगतो. १९९३ साली प्रचारात आलेल्या पीडीएफ पद्धतीत मजकुराबरोबर फाँटही फाइलमध्ये समाविष्ट करता येतो. तो समाविष्ट नसेल आणि वाचकाच्या संगणकावरही नसेल, तर त्याच्या जागी दुसरा फाँट योजला जातो.

देवनागरीच्या बाबतीत ही अदलाबदल विशेष घातक ठरते. हिंदी टंकलेखनात रूढ झालेल्या ‘कृतिदेव’ फाँटमध्ये ‘क’ची आकृती १०० या क्रमांकावर बसविलेली आहे, पण हा क्रमांक मुळात लहान रोमन ‘डी’चा. फाँट हरवताच ‘क’च्या जागी ‘डी’ दिसू लागतो. युनिकोड या जागतिक पद्धतीत ‘क’ला २३२५ हा स्वतंत्र क्रमांक असल्याने असा घोटाळा होत नाही.

दुसरा दोष सहसा नजरेस येत नाही. पान स्वच्छ दिसते, परंतु त्यातील शब्द शोधू गेल्यास सापडत नाही. पीडीएफमध्ये पुष्कळदा आकृतींचे फाँटपुरते क्रमांक नोंदलेले असतात. कोणती आकृती युनिकोडमधील कोणत्या अक्षराची, हे सांगणारी सारणी नसेल, तर संगणकाला पान वाचता येत नाही. ‘कि’ लिहिताना वेलांटी ‘क’च्या आधी येते, युनिकोडमध्ये मात्र नंतर, हा क्रम उलटला तरी शब्द मोडतो. अंध वाचकांसाठी मजकूर मोठ्याने वाचणारी साधने याच क्रमांकांवर अवलंबून असतात. डोळसांना सुबक दिसणारे असे पान त्यांच्यासाठी मुके होते.

उपाय दोषानुरूप करावा. प्रथम फाइलच्या माहितीतील फाँटांची यादी पाहावी. कोणता फाँट समाविष्ट आहे, हे तेथे कळते. नसलेला फाँट संगणकावर बसवून पाहावा. मूळ दस्तऐवज उपलब्ध असेल, तर फाँट समाविष्ट करून नवी पीडीएफ तयार करणे उत्तम. मजकूर जुन्या फाँटमधील असेल, तर त्या फाँटसाठी केलेल्या परिवर्तकाने तो युनिकोडमध्ये आणावा. यांपैकी काहीच शक्य नसेल आणि पान डोळ्यांना नीट दिसत असेल, तर पानाच्या चित्रावरून अक्षरे ओळखणारी आज्ञावली वापरावी. मात्र तिने ओळखलेली जोडाक्षरे मुळाशी ताडून पाहावीत. मूळ फाइल कधीही पुसू नये.

दीर्घकाळ जतन करावयाच्या दस्तऐवजांसाठी २००५ साली ‘पीडीएफ-ए’ हे आंतरराष्ट्रीय मानक सिद्ध झाले. त्यात फाँट समाविष्ट करणे अनिवार्य आहे. शाळेचा वार्षिक अंक अथवा गावाचा इतिहास संगणकावर ठेवताना युनिकोडमध्ये लिहून हा प्रकार निवडावा, आणि शेवटी एखादा शब्द शोधून पाहावा. तो सापडला, तर पुढील पिढीलाही सापडण्याची आशा बाळगता येईल.