परदेशी पासपोर्ट आणि गावची भातशेती

परदेशी नागरिकाला गोव्यात शेतजमीन विकत घेता येते का? परदेशात राहणाऱ्या परकीय नागरिकाला शेतजमीन, बागायत अथवा फार्महाऊस खरेदी करण्यास परकीय चलन व्यवस्थापन कायद्याखालील नियमांनी मनाई केली आहे. अनिवासी भारतीय आणि ओसीआय कार्डधारक घर वा सदनिका घेऊ शकतात. शेतजमीन मात्र त्यांनाही घेता येत नाही. तरीही गोव्यातील अनेक शेतमालकांकडे आज परदेशी पासपोर्ट आहे. त्यांची मालकी खरेदीने नव्हे, तर वारशाने आलेली आहे.

१९ डिसेंबर १९६१ पूर्वी गोव्यात जन्मलेल्यांना व त्यांच्या वंशजांना पोर्तुगालने नागरिकत्वाचा मार्ग खुला ठेवला. भारतात दुहेरी नागरिकत्व नाही; त्यामुळे परके नागरिकत्व स्वीकारताच भारतीय नागरिकत्व संपते. वडिलोपार्जित जमिनीवरील हक्क मात्र संपत नाही. अशी शेतजमीन विकायची झाल्यास ती भारतात राहणाऱ्या भारतीय नागरिकालाच विकता येते. २०२३ च्या राज्य कायद्याने भातशेती बिगरशेतकऱ्याला हस्तांतरित करण्यावरही निर्बंध घातले आहेत.

कागदावर जमीन सुरक्षित राहिली, तरी ती पिकेलच असे नाही. गोव्याच्या नागरी कायद्यानुसार मुलगे व मुली समान वारस असतात. परिणामी एका शेताचे अनेक हिस्सेदार होतात. कोणी गावात, कोणी लिस्बनमध्ये, कोणी लंडनमध्ये. वाटणी किंवा विक्रीसाठी सर्वांची संमती जुळवणे कठीण जाते. दुसऱ्याला कसायला द्यावे, तर कूळ लागण्याची धास्ती असते. अखेर शेत पडीक राहते.

याची झळ शेजाऱ्यांनाही बसते. मांडवी व जुवारीच्या काठची खाजन शेती सामायिक बांध आणि मानशींवर टिकून आहे. बांधाची डागडुजी करणारे हात घटले आणि बांध फुटला, तर खारे पाणी कसणाऱ्याच्या शेतातही शिरते. खारावलेली जमीन पुन्हा पिकाखाली येण्यास मोठा काळ लागतो.

खरेदीवरील बंदी परक्या ग्राहकाला रोखते. दूरस्थ मालकाचे शेत नांगरण्याची सोय ती करत नाही. मालकी शाबूत ठेवून ठरावीक मुदतीसाठी शेत निर्धास्तपणे कसायला देता आले, तरच त्या जमिनीचा गावाला उपयोग होईल.